अमृता आणि चक्रलक्षणिका

वडोदऱ्याच्या एका वाचक भगिनींचे पत्र गेल्या महिन्यात आमच्या हाती आले. पत्र लहान, अक्षर सुबक. त्यांच्या गुजराती शेजारणीने 'गळो' म्हणून एका वेलीचा तुकडा त्यांना दिला. तो त्यांनी गच्चीवरील कुंडीत खोचला आणि पाहता पाहता त्या वेलीने सारा कठडा व्यापून टाकला. आता त्या विचारतात, "ही गळो म्हणजे आपली गुळवेलच ना? आणि असल्यास घरातील लहानथोरांनी रोज सकाळी तिचा काढा घेण्यास हरकत नाही ना?"

प्रश्न दोनच आहेत, आणि दिसावयास सोपे आहेत. दोहोंची उत्तरे एकेका ओळीत देता आली असती. परंतु या दोन प्रश्नांच्या मध्ये जी जागा आहे, तेथेच आमच्या घराने एकदा मोठी ठेच खाल्ली आहे. ती सांगितल्यावाचून नुसते उत्तर लिहून मोकळे होणे आम्हांस प्रामाणिकपणाचे वाटेना. म्हणून या महिन्याचे हे पान त्या वेलीसाठी.

आमचे वास्तव्य सिल्वासाचे. दादरा आणि नगर हवेलीचा हा मुलूख १९५४ साली पोर्तुगीजांच्या हातून मुक्त झाला. त्या वर्षी २ ऑगस्टला सिल्वासा मुक्त झाले आणि तेथे तिरंगा चढला. त्या लढ्यात महाराष्ट्रातून गेलेल्या तरुणांचा वाटा मोठा होता. संगीतकार सुधीर फडके आणि शिवशाहीर बाबासाहेब पुरंदरे ही त्यांतलीच नावे. पुढे शाळा आणि कचेऱ्यांच्या निमित्ताने जी मराठी कुटुंबे येथे स्थिरावली, त्यांत आमचे वडील होते. आज सिल्वासा म्हटले की लोकांच्या डोळ्यांपुढे कारखाने उभे राहतात. तरी शहर मागे टाकून खानवेलच्या वाटेला लागावे, की दोन्ही अंगांस साग, ऐन, खैर यांचे पानझडी रान सुरू होते आणि त्या रानातून दमणगंगेकडे धावणारे लहानमोठे ओढे भेटू लागतात.

असाच एक ओढा आमच्या वस्तीच्या मागून जातो. पावसाळ्यात तो आपला आवाज घराघरांत पोहोचवितो आणि वैशाखात दगडांखाली दडून बसतो. त्याच्या काठाला उंबर, करंज आणि जांभूळ अशी झाडे आहेत. त्यांतील एका जुन्या करंजावर, आम्हांस कळू लागल्यापासून, गुळवेल चढलेली आहे. खाली अंगठ्याएवढे जाड खोड आणि वर पानांचा नुसता पडदा. हिवाळा सरता सरता तिची पाने गळतात. मग उन्हाळ्यात, अंगावर पान नसताना, तिला हिरवट पिवळ्या फुलांचे बारीक तुरे येतात. गुळवेलीत नर वेल निराळी आणि मादी वेल निराळी. मादी वेलीला पुढे वाटाण्याएवढी लालचुटुक फळे लागतात. तिच्या कुळातील बिया चंद्रकोरीसारख्या वाकलेल्या असतात. त्यावरून पाश्चात्त्य वनस्पतिशास्त्रज्ञांनी त्या कुळाला चंद्रबीजाचे नाव दिले. पान हृदयाच्या आकाराचे, म्हणून शास्त्रीय नावात 'कॉर्डिफोलिया', अर्थात हृदयपर्णी.

या वेलीची सर्वांत नवलाची गोष्ट म्हणजे तिच्या पारंब्या. वडाची पारंबी खांब होऊन बसते. गुळवेलीची पारंबी मात्र सुतासारखी बारीक असते आणि तीस तीस हात उंचीवरून सरळ खाली लोंबते. कोणी खालचे खोड तोडले, तरी वरची वेल सुकत नाही. खोडात साठविलेल्या ओलाव्यावर ती तग धरते आणि हे हिरवट सूत जमिनीकडे सोडते. ते मातीला टेकले की वेल पुन्हा आपल्या पायांवर उभी राहते. लहानपणी त्या दोऱ्या ओढून तोडणे हा आमचा खेळ होता. आपण कोणाची जीवनदोरी ओढत आहो, हे तेव्हा ठाऊक नव्हते.

आपल्या पूर्वजांना ते ठाऊक होते. सोळाव्या शतकातील भावमिश्रांनी 'भावप्रकाशा'त या वेलीची एक कथा दिली आहे. रावणवधानंतर इंद्राने रणात पडलेल्या वानरांवर अमृत शिंपून त्यांना उठविले; त्या वानरांच्या अंगावरून अमृताचे थेंब जेथे जेथे भूमीवर पडले, तेथे तेथे गुडूची उगवली. म्हणून तिचे नाव 'अमृता'. परंतु त्याच ग्रंथात तिची आणखी कितीतरी नावे आहेत. तोडली तरी वाढते म्हणून 'छिन्नरुहा'. वासरे आवडीने खातात म्हणून 'वत्सादनी'. वेटोळी घालते म्हणून 'कुंडली'. आणि खोड आडवे कापले असता आत चाकाच्या आऱ्यांसारखी रचना दिसते, म्हणून 'चक्रलक्षणिका'.

ही नावे आम्ही पूर्वी एखाद्या स्तोत्रासारखी वाचीत असू. स्तुतीपलीकडे त्यांत काही आहे असे मनात येत नसे. आता वाटते, की ती स्तुती नव्हे, ती ओळखपत्रे आहेत. ज्या काळी चित्रे छापता येत नव्हती, त्या काळी वैद्याने रानात जाऊन नेमकी तीच वेल आणावी, यासाठी तिच्या खुणाच नावांत बांधून ठेविल्या. आमची चूक हीच झाली, की आम्ही 'अमृता' तेवढे पाठ केले आणि 'चक्रलक्षणिका' विसरलो.

२०२० सालची गोष्ट. मार्चअखेर टाळेबंदी लागली तेव्हा आमच्या वडील भगिनी, ज्यांना आम्ही सारे ताई म्हणतो, नाशिकहून चार दिवसांसाठी येथे आल्या होत्या. त्या चार दिवसांचे पाच महिने झाले. ते दिवस वाचकांना आठवत असतील. वर्तमानपत्रात रोज आकडे, दूरध्वनीवर रोज कोणाची तरी बातमी, आणि घराघरांत काढ्यांची पातेली. आयुष मंत्रालयाने त्या वसंतात तुळस, दालचिनी, सुंठ, मिरे यांचा काढा सुचविला होता, आणि पुढे ऑक्टोबरात निघालेल्या उपचारसूचनांत गुळवेलीच्या घनवटीचा समावेश झाला. परंतु लोक सूचनांसाठी थांबले नव्हते. गुळवेलीने प्रतिकारशक्ती वाढते ही वार्ता त्याआधीच सर्वत्र पसरली होती. बाजारात 'गिलोय'च्या बाटल्या मिळेनाशा झाल्या. आम्हांस त्याची फिकीर नव्हती. आमच्या घरामागे ओढा होता आणि ओढ्यावर अमृत होते, तेही फुकट!

जूनमध्ये आम्ही काढा सुरू केला. पहिले काही दिवस आम्ही स्वतः विळा घेऊन त्या करंजाच्या वेलीचे तुकडे आणीत होतो. आषाढात ओढ्याला पाणी चढले आणि करंजापर्यंत जाणे अवघड झाले. मग अलीकडच्या काठावर, कुंपणाच्या बाजूने, हृदयाच्या आकाराच्या पानांच्या ज्या वेली पावसाबरोबर सरसरून वर आल्या होत्या, त्याच आम्ही आणि आमचा नातू मिळून कापून आणू लागलो. पान तेच दिसत होते. काढा जरा कमी कडू लागतो, असे आमच्या सौ. दोनदा म्हणाल्या. पावसाळ्यात वेलीत पाणी भरत असेल, असे सांगून आम्ही विषय मिटविला. मापही राहिले नव्हते. पहिल्या आठवड्यातला अर्धा पेला पुढे पेलाभर झाला होता, आणि ताई तर आपल्या हाताने संध्याकाळीही घेऊ लागल्या होत्या. अमृत थोडे घ्यावे असे कोण सांगणार?

ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात ताईंची अन्नावरची वासना गेली. मळमळ, थकवा, आणि मग एके सकाळी अंगणातल्या उजेडात आमच्या सौ.ना त्यांच्या डोळ्यांचा पिवळेपणा दिसला. त्या दिवसांत दवाखान्याची पायरी चढण्याची सर्वांनाच भीती वाटे, तरी नेणे भाग होते. रक्त तपासले. यकृताची सूज दाखविणारे आकडे असावयास हवे त्याच्या कितीतरी पट होते. काविळीचे जे नेहमीचे विषाणू, त्यांपैकी एकही सापडला नाही. डॉक्टर तरुण होते, शांत होते. त्यांनी विचारले, "काही काढा वगैरे चालू आहे का?" आम्ही काहीशा अभिमानानेच सांगितले, की गुळवेलीचा, घरच्या ओढ्यावरचा, ताजा. ते म्हणाले, "ती वेल जरा आणून दाखवाल?"

घरी परतलो. टोपलीत काही शिल्लक नव्हते. कुंपणाकडच्या वेली आम्ही बुडापासून ओरबाडल्या होत्या. त्यांच्या जागी नवे कोवळे धुमारे होते, पण ते कशाचे, हे आम्हांस सांगता येईना. आयुष्याची साठ वर्षे ज्या ओढ्याच्या काठी काढली, त्या ओढ्यावरची एक वेल ओळखण्याची पाळी आली, तेव्हा आम्ही तेथे एखाद्या परक्या माणसासारखे उभे होतो. ताई आत पडून होत्या आणि आपण त्यांना काय पाजले, हे आम्हांस ठाऊक नव्हते. त्या संध्याकाळसारखी लाज आम्हांस पुन्हा कधी वाटली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्याकडे रानभाजी घेऊन येणाऱ्या वारली मावशी आल्या. वर्षानुवर्षे त्या दाराशी येतात. त्यांची बोली मराठीला इतकी जवळची, की आम्हां दोघांत दुभाष्याची गरज कधी पडली नाही. शेवळे कशी चिरावी, कुलूची भाजी कशी परतावी, हे आमच्या सौ.नी त्यांना अनेकदा विचारले असेल. ओढ्यावरच्या वेलींविषयी आम्ही मात्र त्यांना कधी काही विचारले नव्हते. त्या दिवशी विचारले. मावशी कुंपणापाशी गेल्या, एका धुमाऱ्याचे पान त्यांनी उलटे करून पाहिले आणि चटकन म्हणाल्या, की ही गुळवेल नव्हे, हा कडू करांदा आहे.

वाचकांपैकी ज्यांचे मूळ कोकणात किंवा ठाण्याच्या रानपट्ट्यात आहे त्यांना करांदे ठाऊक असतील. या वेलीला पानांच्या बेचक्यांत बटाट्यासारखे गड्डे लागतात. कडू जातीचे गड्डे राखेच्या पाण्यात उकळून, कडूपणा पुरता काढल्यावाचून कोणी तोंडात घालीत नाही. म्हणजे जी वस्तू रानातील माणसे इतक्या सावधपणे हाताळतात, तिचीच वेल आम्ही 'अमृत' म्हणून उकळीत होतो. सगळे दिवस ती नव्हती. आधी खरी गुळवेल होती, मग हिची भेसळ झाली. ताईंना दोहोंपैकी कशाने बाधले, की मात्रेने बाधले, की त्यांच्या शरीरातच काही दडलेले होते, हे डॉक्टरांनाही छातीठोकपणे सांगता आले नाही. नमुना आम्ही देऊ शकलो असतो तर कदाचित काही कळले असते. काढा बंद झाला, पथ्य सुरू झाले, आणि आकडे खाली यावयास नोव्हेंबर उजाडला. ताई बऱ्या झाल्या. त्यांनी आम्हांस कधी दोष दिला नाही, आणि म्हणूनच तो आमच्या मनातून गेला नाही.

त्यानंतर मावशींनी नातवाला आणि आम्हांस त्या करंजाखाली उभे करून जे शिकविले ते असे. गुळवेलीचे खोड मांसल असते. त्यावर कागदासारखा पातळ, मातकट पापुद्रा असतो. नखाने खरवडला की तो सुटतो आणि आत हिरवे दिसते. खोडावर बारीक पुटकुळ्या असतात. तुकडा आडवा कापला की चाक दिसते. वरून सुतासारख्या पारंब्या लोंबतात. तोडलेला तुकडा सावलीत टाकून ठेवला तरी आठवडे न आठवडे जिवंत राहतो. करांद्याची वेल बारीक, हिरवी. तोडली की दोन दिवसांत मान टाकते, आणि पाऊस सरला की जमिनीवरून नाहीशी होते. दोहोंची पाने हृदयासारखी हे खरे. पण करांद्याच्या पानात देठापासून निघालेल्या ठळक शिरा कमानीसारख्या वळून टोकाकडे जातात आणि त्यांच्यामधल्या आडव्या शिरांनी पान सुरकुतल्यासारखे दिसते. गुळवेलीचे पान त्या मानाने सपाट आणि मऊ.

हे सारे ऐकताना आमच्या ध्यानात आले, की मावशी 'चक्रलक्षणिका' आणि 'छिन्नरुहा' याच नावांचा अर्थ सांगत होत्या. त्यांनी भावप्रकाश वाचला नव्हता. आम्ही वाचला होता. मात्रेविषयी विचारले तेव्हा त्या म्हणाल्या, की त्यांच्या घरी ताप आला तर तीन दिवस देतात, मग बंद. रोज का घेत नाहीत, असे आम्ही विचारले. त्यांना तो प्रश्नच समजला नाही. आजार नसताना औषध कशाला, असे त्यांनी उलट आम्हांसच विचारले. तेव्हा आम्हांस आमची आजी आठवली. तीही गुळवेलीचे सत्त्व घरी काढीत असे. खोड ठेचून पाण्यात कोळावयाचे, पाणी निवळू द्यावयाचे, वरचे ओतून तळाचा पांढरा साका उन्हात वाळवावयाचा. एवढ्या खटाटोपाने निघालेली ती चिमूटभर पूड चांदीच्या डबीत राही आणि कोणाला द्यावयाची झाल्यास आधी वैद्यबुवांना निरोप जाई. आम्ही आजीची वेल घेतली, तिची डबी आणि तिचा निरोप मात्र वगळला.

आमच्या घरची गोष्ट एकट्याची नव्हती, हे पुढे कळले. २०२१ साली मुंबईतील यकृततज्ज्ञांनी अशा सहा रुग्णांचा वृत्तान्त प्रसिद्ध केला. त्यांच्या यकृताला झालेल्या इजेचा संबंध त्यांनी गुळवेलीच्या सेवनाशी जोडला. २०२२ साली देशातील १३ रुग्णालयांतील ४३ रुग्णांची माहिती एकत्र करून दुसरा अहवाल आला. त्यांतील निम्म्या रुग्णांना सेवन सुरू केल्यापासून ४६ दिवसांच्या आत लक्षणे दिसू लागली होती. शरीराची संरक्षणयंत्रणाच यकृतावर उलटण्याचा जो एक विकार आहे, तो ज्यांच्यात सुप्त असतो, त्यांच्यात या वेलीने तो जागा होत असावा, असे या तज्ज्ञांचे म्हणणे. आयुष मंत्रालयाने या निष्कर्षाला हरकत घेतली. गुळवेलीचा वापर फार जुना आणि निर्धोक आहे, रुग्णांनी घेतलेली वनस्पती नेमकी कोणती हे आधी सिद्ध झाले पाहिजे, असे मंत्रालयाने म्हटले आणि 'टिनोस्पोरा क्रिस्पा' या तिच्या सख्ख्या बहिणीशी गल्लत होत असल्याचा इशारा दिला. ही क्रिस्पा मुख्यतः आग्नेय आशियाकडची. तिच्या खोडावर गुळवेलीपेक्षा फार मोठ्या आणि दाट गाठी असतात. आणखी एक बहीण आपल्याकडे रानांत आढळते. तिच्या पानाची खालची बाजू लवदार असते. या बहिणींचेही खोड कापले तर चाकच दिसते. म्हणजे चक्राची खूण करांद्याला दूर ठेवील, पण बहिणींना नाही. तेथे जाणत्या माणसाचेच डोळे हवेत.

या वादात निवाडा देण्याचा आमचा अधिकार नाही. आम्हांस एवढेच दिसते, की दोन्ही पक्षांनी घरगुती मनुष्याला एकच गोष्ट बजावली आहे: वेल ओळखल्यावाचून आणि माणूस तपासल्यावाचून ती देऊ नका.

हे वाचून कोणी कुंडीतली गुळवेल उपटून टाकील, तर तोही अन्यायच होईल. या एकाच वेलीकडे माणसे किती निरनिराळ्या डोळ्यांनी पाहतात! ठाणे जिल्ह्यात, शहापूरच्या बाजूस, कातकरी तरुणांनी 'आदिवासी एकात्मिक सामाजिक संस्था' या नावाने गुळवेल गोळा करून विकण्याचा उद्योग उभारला. त्याच महामारीच्या काळात मोठ्या औषध कंपन्यांकडून त्यांना ३५० टन गुळवेलीची मागणी आली, तिची किंमत १ कोटी ५७ लाख रुपये होती, असे सरकारी प्रसिद्धिपत्रकात आम्ही वाचले. ज्या जमातीला पिढ्यान्‌पिढ्या वीटभट्टीवर नाहीतर कोळशाच्या भट्टीवर राबावे लागले, तिच्या मुलांना रानाची ओळख हेच भांडवल ठरावे, ही आनंदाची गोष्ट आहे. मात्र इतकी वेल रानातून निघावयाची तर ती बुडासकट न ओरबाडता, मूळ राखून तोडली पाहिजे. आणि ते कसे, हे त्यांना आमच्याहून अधिक कळते.

उलट विदर्भातील संत्र्याच्या बागाईतदाराला विचारा. तो गुळवेलीला शत्रू मानील, आणि त्यालाही कारण आहे. रात्री संत्र्याला सोंड खुपसून रस शोषणारा आणि फळ गळविणारा जो पतंग आहे, त्याची अळी गुळवेल आणि वासनवेल यांच्या पानांवर पोसली जाते. म्हणून बागेच्या आसपास या वेली ठेवू नका, असे कृषितज्ज्ञ सांगतात. शहापूरला जी पोट भरते, तीच नागपूरकडे बांधावरून काढली जाते. वेल तीच, तिचा गुण किंवा दोष आपण तिला कोठे, किती आणि कशासाठी जवळ करतो, यावर ठरतो.

आता आमच्या भगिनींच्या प्रश्नांकडे. पहिला प्रश्न: गळो, गिलोय, गुळवेल, अमृतवेल ही सारी एकाच वेलीची नावे होत. पण शेजारणीने दिलेला तुकडा त्याच वेलीचा आहे का, हे नाव सांगून ठरत नाही. पापुद्रा खरवडून पाहा, तुकडा कापून चाक पाहा, पानाची खालची बाजू बोटांनी चाचपा, आणि मग तुमच्या शहरातील एखाद्या जाणत्या वैद्याला किंवा महाविद्यालयातील वनस्पतिशास्त्राच्या शिक्षकांना ती फांदी नेऊन दाखवा. वडोदऱ्यात अशी माणसे दुर्मीळ नाहीत.

दुसरा प्रश्न: रोज, सर्वांनी, मापावाचून? नाही. ज्यांना यकृताचा विकार आहे, संधिवातासारखा संरक्षणयंत्रणा बिघडल्याने होणारा आजार आहे, जे मधुमेहाची औषधे घेतात, ज्या गर्भवती आहेत, त्यांनी तर वैद्य आणि डॉक्टर या दोघांनाही विचारल्याशिवाय तिला शिवू नये. आणि काहीही घेत असाल, तर दवाखान्यात गेल्यावर ते लपवू नका. आमच्यासारखे अभिमानाने सांगितले तरी चालेल, पण सांगा. आणि वेलीचा तुकडा बरोबर घेऊन जा.

कुंडीतली वेल मात्र राहू द्या. तिची पाने गळतील तेव्हा ती मेली असे समजून फेकू नका. कोरड्या दिसणाऱ्या त्या दोरीत जीव असतो. घरातील मुलांना तिच्या सर्व नावांचे अर्थ सांगा, आणि एकदा कापून ते चाक दाखवा. परप्रांती राहणाऱ्या आपल्या घरांत शब्द पुष्कळदा टिकतात आणि त्या शब्दांमागची वस्तू निसटते. मुलांना 'गुळवेल' हा शब्द येतो, वेल येत नाही. आम्ही तर रानाच्या कुशीत राहून तसे झालो होतो.

आमच्या करंजावरची वेल २०२० सालच्या त्या तोडणीनंतर दोन वर्षे रोडावली होती. खालचे खोड आम्ही दोन ठिकाणी कापले होते, ते वाळून गेले. गेल्या पावसाळ्यात नातवाने हाक मारून दाखविले, की वरून उतरलेल्या दोऱ्यांपैकी तीन मातीत रुजल्या आहेत आणि त्यांतील एक पेन्सिलीएवढी जाड झाली आहे. ताई नाशिकहून आल्या होत्या. त्या काठी टेकीत ओढ्यापर्यंत आल्या आणि बराच वेळ वर पाहत राहिल्या. मग नातवाला म्हणाल्या, "त्या दोऱ्यांना हात लावू नकोस हो."

त्याने लावला नाही. आम्ही त्याच्या वयाचे असताना हे सांगावयास आमच्याजवळ कोणी नव्हते असे नाही. मावशींची आई तेव्हाही भाजीची टोपली घेऊन आमच्या दाराशी येत होती.